मूळ प्रतीत नसलेलं वाक्य

सोलापुरात कोर्टाजवळ माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान आहे. आधी आम्हा दोघांचं होतं, आता माझं एकटीचं. प्रतिज्ञापत्रं, करारनामे, वाटणीपत्रं, कुणाच्या लग्नाच्या पत्रिका, कुणाचे प्रबंध, जे येईल ते टाइप करते. या कामात टायपिंगपेक्षा महत्त्वाची असते ती रुजवात. टाइप झालेला कागद मूळ प्रतीशी ताडून बघायचा, त्याला रुजवात म्हणतात. ती एकट्याने नीट होत नाही, कारण डोळा फसवतो. जे असायला हवं तेच तिथे आहे असं त्याला दिसतं. म्हणून दोन माणसं लागतात. एकाने टाइप केलेला मजकूर मोठ्याने वाचायचा, विरामचिन्हांसकट, आणि दुसऱ्याने मूळ प्रतीवर बोट ठेवून ऐकायचं. "सदर मिळकतीच्या पूर्वेस स्वल्पविराम सार्वजनिक रस्ता स्वल्पविराम पश्चिमेस लिहून देणार यांची विहीर पूर्णविराम." मी वाचायची, नवरा ऐकायचा. चूक सापडली की तो टेबलावर पेन्सिल वाजवायचा. तोंडाने काही बोलायचा नाही.

तो गेल्यावर मी एक-दोघींना कामाला ठेवून पाहिलं. त्या ऐकता ऐकता मोबाइल बघायच्या. मग मी माझा उपाय काढला. टाइप केलेला मजकूर फोनवर वाचून ठेवायचा, आणि नंतर मूळ प्रत समोर घेऊन तो लावायचा. वाचणारीही मी, ऐकणारीही मी. काम चोख होतं. पेन्सिल मात्र मी वाजवत नाही, सरळ खूण करते.

एका दुपारी असाच एक करारनामा ऐकत बसले होते तेव्हा ती मुलगी आली. पंचविशी ओलांडलेली, केस बारीक कापलेले, खांद्याला मळकी पिशवी. मूळची मोहोळची, पुण्यात सिनेमाचं शिक्षण घेऊन आलेली, हे नंतर कळलं. तिला एक जुनी मराठी कथा टाइप करून हवी होती. आणलेली प्रत झेरॉक्सची झेरॉक्स होती, कडेची अक्षरं गेलेली. ही कथा एकेकाळी शाळेच्या पुस्तकात होती आणि मलाही होती. मी तिला परवा यायला सांगितलं. ती हलली नाही. फोनमधून माझा आवाज चालूच होता.

"हे कोण वाचतंय?" तिने विचारलं.

"मीच."

"असं सगळं वाचता? स्वल्पविराम, पूर्णविराम?"

"नाही वाचलं तर तिथे आहे की नाही ते कळणार कसं?"

तिने काउंटरला टेकून अख्खा करारनामा ऐकला आणि मग गेली. हिला वेळ बराच दिसतोय, असं मला वाटलं.

दोन दिवसांनी ती कागद न्यायला आली आणि रुजवातीसाठी वाचलेली कथा ऐकायला मागितली. मी फोन दिला. बाहेरच्या बाकावर, तारखेला आलेल्या पक्षकारांच्या गर्दीत, कानाला लावून तिने ती पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकली. आत येऊन म्हणाली, "काकू, मला या कथेचा सिनेमा करायचाय. तुमच्या आवाजात. हे असंच वाचून."

कथा साधी आहे. रस्त्याकडेला एकटं घर आहे. त्यात एक बाई राहते. ती एकटी का, हे लेखक सांगत नाही. एका उन्हाच्या वेळी एक वाटसरू पाणी मागतो. ती पाणी देते. तो ओसरीतल्या बाजेवर आडवा होतो आणि त्याला झोप लागते. तो उठला की जेवायला द्यावं म्हणून ती आत भाकरी थापते, कालवण करते. ताट घेऊन बाहेर येते तेव्हा बाज रिकामी असते. गोधडी मात्र तो झोपला होता तिथे चेपलेली असते. बाई ताट हातात धरून उभी राहते आणि त्या बाजेला विचारते, "तिखट चालतं का?" इथे कथा संपते.

शाळेत आमच्या बाईंनी यावर प्रश्न लिहून घेतला होता, की शेवटच्या वाक्यातून नायिकेच्या स्वभावाचा कोणता पैलू दिसतो. उत्तर 'आतिथ्यशीलता' असं होतं. मीही तेच लिहिलं होतं.

मुलीचं म्हणणं असं, की कथेवर सिनेमा काढणारे सगळे कथा दाखवतात. बाई दाखवतात, वाटसरू दाखवतात, संगीत घालतात. तिला त्यातलं काहीही दाखवायचं नव्हतं. नट नाहीत, बाज नाही, ताट नाही. पडद्यावर सोलापूर दिसणार होतं, पण माणसांशिवाय. बंद गिरणीची भिंत, स्टेशनातला बाक, उन्हातला होटगी रस्ता, मेसमधली पुसून ठेवलेली टेबलं. आणि त्यावर माझा आवाज, विरामचिन्हांसकट.

"मग लोकांनी पुस्तकच वाचावं की," मी म्हटलं.

"वाचतात कुठे?"

"मग हा सिनेमा तरी कोण बघणार?"

ती हसली. "कुणीच नाही, काकू."

हे तिने खरं सांगितलं म्हणून मी हो म्हटलं. दुकानात दिवसभर खरं सांगणारं गिऱ्हाईक क्वचितच येतं.

मी तयारीनिशी काम करते, म्हणून असे सिनेमे कसे असतात ते दाखवायला सांगितलं. तिने लॅपटॉपवर दोन-तीन दाखवले, सगळे कुठल्या ना कुठल्या नावाजलेल्या कथेवरून केलेले. एकात बराच वेळ नुसता एक जिना होता. कथेतला माणूस त्या जिन्यावरून पडून मरतो म्हणे, पण सिनेमात कुणी चढलंही नाही आणि पडलंही नाही. मला डुलकी लागली. जागी झाले तेव्हा जिना होताच. मी माफी मागितली तर ती म्हणाली, चालतं, झोपलं तरी चालतं. असल्या धंद्यात चूक होणं अवघड आहे, असं माझं मत झालं. ते पुढे बदललं.

आवाज कुठे घ्यायचा हा पहिला प्रश्न. दुकानात कोर्टाची गर्दी. माझं घर शहराच्या पूर्व भागात, भोवताली यंत्रमागांचे कारखाने. माग चालू असले की भिंतीला हात लावला तरी थरथर लागते. लग्न होऊन या घरात आले तेव्हा झोप लागायची नाही, आता सुट्टीच्या दिवशी लागत नाही. त्या सुट्टीच्याच दिवशी आवाज घ्यायचं ठरलं, कारखान्यांची आठवड्याची सुट्टी असेल त्या सकाळी.

आवाज घेणारा माणूस तिने इथलाच शोधला. मांडवात लाउडस्पीकर लावण्याचा त्याचा व्यवसाय, वय माझ्याएवढं, बोलणं दखनी. पहिल्या दिवशी त्याने माझ्या बाहेरच्या खोलीत गाद्या उभ्या केल्या, खिडकीला सोलापुरी चादरी लावल्या, पंखा बंद केला, फ्रिजची पिन काढली, आणि कानाला हेडफोन लावून बसला.

"मॅडम, मेरे माइक कू हल्दी के गाने मालूम," तो म्हणाला. "चुप्पी नै मालूम. जरा संभाल के बोलो."

मी वाचायला सुरुवात केली आणि आवाज निघाला तो खरखरीत. दाराची कडी बरेच दिवसांनी काढावी तसा. मी खाकरले.

"खाकरू नका," मुलगी म्हणाली. "तसंच वाचा."

तसंच वाचलं. पहिलं पान होईपर्यंत आवाज सुटला, नेहमीचा झाला. अख्खी कथा वाचून झाली. तिने ती दोनदा ऐकली आणि सांगितलं की पहिलं पान तेवढं ठेवायचं. पुढचा आवाज दुकानाचा आहे, पहिल्या पानावरचा आवाज त्या बाईचा आहे.

"कुठल्या बाईचा?"

"कथेतल्या. जिने दिवसभरात कुणाशी बोललेलं नाही, तिचा." मग तिने विचारलं, "आज सकाळपासून तुम्ही कुणाशी बोलला होतात का?"

मी आठवून पाहिलं. दुधाची पिशवी दाराला अडकवलेली असते, पेपर खालून सरकवलेला. आदल्या संध्याकाळी शटर ओढताना शेजारच्या स्टॅम्पवाल्याला "येते" म्हटलं होतं. मग आठ वाजता माझ्या मोठ्या बहिणीचा, अक्काचा फोन आला होता. पण अक्काच्या फोनवर मला "हं" याच्यापलीकडे फारसं काही बोलावं लागत नाही.

"नाही," मी म्हटलं.

"मग दर वेळी असंच करू. रेकॉर्डिंगच्या आधी कुणाशी बोलू नका, चालेल?"

"त्याची काळजी करू नको."

म्हणून ते काम लांबलं. दर सुट्टीच्या सकाळी आवाज सुटेपर्यंत जेवढं होईल तेवढंच, जेमतेम एक पान. मग ती दोघं गाद्या खाली घालायची, फ्रिज चालू करायची, चहा प्यायची आणि जायची. ती गेली की दिवस पुष्कळ उरायचा. आधीही तेवढाच उरायचा, पण तेव्हा मी तो मोजत नव्हते. जी गोष्ट घरात आपोआप साचते, तिचा कुणाला उपयोग असेल असं मला कधी वाटलं नव्हतं. आता मी ती सांभाळायला लागले. सुट्टीच्या सकाळी वरच्या मजल्यावरची बाई जिन्यात दिसली तर हसून वाट सोडायची, बोलायची नाही. तिला काय वाटलं असेल देव जाणे. कामात हलगर्जीपणा मला जमत नाही.

अक्काचा प्रश्न मात्र होता. ती मंगळवेढ्याला असते. चौथीपर्यंत शिकली, शेतीच्या घरात पडली, मेव्हणे गेल्यापासून तीच शेती बघते. दोघी जन्माने वैरागकडच्या. पण माझी भाषा शहराने धुऊन काढली, तिची तशीच आहे. रोज आठला तिचा फोन. ज्वारीला पाणी दिलं, कुत्र्याने पिल्लं घातली, सुनेनं कालवणात काय टाकलं, सगळं सांगते. ज्या रात्री फोन लांबतो त्याच्या दुसऱ्या सकाळी माझा आवाज मऊ येतो, असं त्या मुलीच्या लक्षात आलं. मग मी रेकॉर्डिंगच्या आदल्या संध्याकाळी फोन बंद ठेवू लागले. अक्काला तसं आधी सांगायची.

"न बोलन्याचं कसलं गं काम?" अक्का म्हणायची. "आमी आयुष्यभर बोलतोय, आमाला कुनी इचारत न्हाय."

शेवटच्या पानाच्या आदल्या दिवशी कोर्टाच्या कामाची गर्दी होती आणि तिला सांगायचं राहिलं. फोन बंद करून मी झोपले.

सकाळी ती दोघं आलेली होती. गाद्या उभ्या झाल्या, चादरी लागल्या. मी पाणी पिऊन खुर्चीत बसले तेवढ्यात दार वाजलं. उघडलं तर अक्का. पहाटेच्या पहिल्या एसटीने आलेली, हातात ज्वारीची पिशवी, पदर वाऱ्याने सुटलेला.

"जित्ती हायेस व्हय?" ती म्हणाली. "मी म्हनलं मेलीस. फोन बंद, शेजारचा नंबर माझ्याकडं न्हाय. रातभर डोळ्याला डोळा न्हाय माझ्या."

मी ओठांवर बोट ठेवलं.

"काय झालं तोंडाला? दात पाडलेस का?"

मी मान हलवली आणि आत बोट दाखवलं. खोलीत उभ्या गाद्या, अंधार, आणि कानाला यंत्र लावून बसलेला एक परका माणूस. अक्काने सगळं पाहून घेतलं.

"ह्यो कोन?"

"आपा, इनकू आज बोलने का नै है," तो माणूस म्हणाला. "रेकॉर्डिंग है."

"मग तू कसा बोलाय लागलास?"

त्या मुलीने अक्काला स्वयंपाकघरात नेलं, तिथे सगळं समजावून सांगितलं. माझ्या कानावर फक्त अक्काचं "व्हय", "बरं", "लई बारीक काम दिसतंय" एवढं येत होतं. शेवटी मुलीने विचारलं, "गप्प बसाल ना, मावशी?" अक्का म्हणाली, "बसते की. मी काय ल्हान हाय?"

आणि ती बसली. मी सांगते, ती खरोखर गप्प बसली. पिशवीतल्या ज्वारीचाही आवाज केला नाही. मी वाचायला घेतलं. आवाज हवा तसा होता, कोरडा. बाईने भाकरी तव्यावर टाकली पूर्णविराम. कालवणाला उकळी आली पूर्णविराम. ती ताट घेऊन बाहेर आली स्वल्पविराम पण बाज रिकामी होती पूर्णविराम. गोधडी चेपली होती ते वाचलं. मग अवतरण सुरू, "तिखट चालतं का", आणि प्रश्नचिन्ह म्हणायला मी श्वास घेतला.

"चालतंय की," स्वयंपाकघरातून अक्का म्हणाली. "पन मीठ बेतानं टाक."

मग लाउडस्पीकरवाल्याने हेडफोन काढला आणि तोंडावर हात दाबून हसू लागला, खांदे हलेपर्यंत. मुलगी भिंतीला टेकून खाली बसली. अक्का दारात आली. तिच्या चेहऱ्यावरून दिसत होतं की आपण काय केलं हे तिला आत्ताच कळलंय.

"मी इसरले गं," ती म्हणाली. "तू इचारलंस ते कसं, त्या कालच्या वरणाबद्दल इचारावं तसं इचारलंस." मग जरा चिडून, "आन मानसानं इचारलं तर कुनीतरी बोलाय नगं व्हय? कसली गोष्ट म्हनायची ही."

आता माझा आवाज सुटला होता. त्या दिवसाचं काम तिथेच संपलं. अक्काने सगळ्यांना पिठलं आणि कडक भाकरी वाढली, लाउडस्पीकरवाल्याला दोनदा घ्यायला लावलं आणि त्याच्याकडून आपला आवाज पुन्हा पुन्हा ऐकला. मुलगी जेवताना कुठेतरी दुसरीकडेच बघत होती. निघताना म्हणाली, "काकू, हेच ठेवते मी. हे फार भारी आहे." अक्काने ते ऐकलं. संध्याकाळच्या गाडीने ती मंगळवेढ्याला गेली आणि दुसऱ्या दिवसापासून तिथे जो भेटेल त्याला सांगू लागली, "माझा आवाज पिच्चरमदी हाय." आठच्या फोनवर मला त्याची खबर मिळायची. गिरणीवाल्याला सांगितलं, किराणावाल्याला सांगितलं, सुनेच्या माहेरी फोन करून सांगितलं.

पुढच्या सुट्टीला ती मुलगी पुन्हा आली. तिला खात्री वाटेनाशी झाली होती. अक्काच्या वाक्याशिवाय एकदा कोरं घेऊन ठेवू म्हणाली. मी शेवटचं पान पुन्हा वाचलं. अवतरण सुरू, तिखट चालतं का, प्रश्नचिन्ह, अवतरण पूर्ण. तिने खुणेने मला तसंच बसून राहायला सांगितलं. खोलीचा नुसता आवाज घ्यायचा होता, त्यांच्याकडे तशी पद्धत असते. वाक्य संपलं तरी यंत्र चालू ठेवायचं आणि सगळ्यांनी हलायचं नाही. आम्ही तिघं बसून राहिलो. फ्रिज बंद, माग बंद, पंखा बंद. रिकाम्या खोलीला आवाज असतो हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण तो कुणाच्या कामाचा म्हणून मी पहिल्यांदाच ऐकत होते. आणि ऐकताना मी काहीतरी येईल अशी वाट बघत होते, हेही खरं. आलं नाही. "बस हुआ," लाउडस्पीकरवाला म्हणाला आणि त्याने बटण दाबलं.

त्यानंतर बरेच दिवस तिचा पत्ता नव्हता. मग एका दुपारी ती दुकानात लॅपटॉप घेऊन आली. सिनेमा दोन तऱ्हांनी जोडून आणला होता. एकाच्या शेवटी अक्काचं उत्तर, एकाच्या शेवटी नुसती खोली. चित्र दोन्हीकडे तेच, उन्हातला बाक.

"मला ठरवता येत नाही," ती म्हणाली. "अक्कांचं वाक्य घेतलं की लोक हसतील, बरं वाटेल. पण मग ही ती कथा राहत नाही. तुम्ही सांगा. तुम्ही रुजवात घेता ना."

मी गिऱ्हाइकाला थांबायला सांगून दोन्ही पाहिले. अक्काचा आवाज छान आला होता. घरातल्या माणसाचा आवाज जसा दुसऱ्या खोलीतून येतो तसाच. तिने मंगळवेढ्यात कुणाकुणाला सांगितलंय ते मला माहीत होतं. रोज आठला मला फोन करणारं माणूस या जगात एकच आहे, हेही माहीत होतं. पण विचारलं होतं ते रुजवात घेणारीला.

"मूळ प्रतीत उत्तर नाही," मी म्हटलं.

"म्हणजे?"

"लेखकाने बाईला विचारायला लावलं आणि तिथे थांबला. आपण नक्कल करतोय. मूळ प्रतीत नाही ते नकलेत येत नाही. कितीही चांगलं असलं तरी."

तिने लॅपटॉप मिटला. तिला हेच हवं होतं असं मला वाटतं, पण ते दुसऱ्या कुणी म्हणायला हवं होतं. "अक्कांचं रेकॉर्डिंग तुम्हाला पाठवू?" तिने विचारलं.

"नको. ती जिवंत आहे. ऐकायचं झालं तर फोन करीन."

त्या संध्याकाळी फोन तिचाच आला. मी पाल्हाळ लावला नाही. सिनेमा पुरा झाला, तुझं वाक्य त्यात नाही, असं सांगितलं.

"काडून टाकलं व्हय?"

"हो."

"कुनी? त्या पोरीनं?"

"मी सांगितलं काढायला."

पलीकडे टीव्ही चालू होता. कुणीतरी रडत होतं, मालिकेतलं. "बरं," अक्का म्हणाली. "जेवते मी." आणि तिने फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी आठला फोन आला नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. मी केला की सून उचलायची, आत्या रानात गेल्यात म्हणायची. रात्री आठला रानात काय असतं ते मी विचारलं नाही. दुकानातून येऊन भाजी चिरताना घड्याळाकडे लक्ष जायचं, ते मी बंद करायचं ठरवलं आणि घड्याळ दुसऱ्या खोलीत टांगलं.

सिनेमा इथेच एका वाचनालयाच्या सभागृहात दाखवला. माणसं मोजकी, त्यातली निम्मी त्या मुलीच्या ओळखीची. मी मागे बसले. पडद्यावर गिरणीची भिंत आली, स्टेशन आलं, आणि सगळीकडून माझा आवाज येऊ लागला. सुरुवातीला दोघं-तिघं स्वल्पविरामाला हसले, मग हसायचे थांबले. माझ्या आवाजात इतकी धूळ आहे हे मला त्या दिवशी कळलं. शेवटचा प्रश्न झाल्यावर बाक दिसत राहिला. पुढच्या रांगेतला एक गृहस्थ संपलं समजून उठला, मग काही संपत नाही बघून खाली बसला. दिवे लागल्यावर एका प्राध्यापकांनी बराच वेळ एक प्रश्न विचारला आणि मुलीने त्याचं छोटं उत्तर दिलं. शेजारची बाई मला म्हणाली, "काय गूढ आवाज आहे हो, कुणाचा असेल?" मी म्हटलं, "असेल इथल्याच कुणाचा तरी." रिक्षा करून घरी आले. सांगायचं असं पुष्कळ होतं. रिक्षावाला गाणी ऐकत होता.

पुढच्या सुट्टीला मी मंगळवेढ्याला गेले. फोन करून गेले असते तर ती रानात असती. बेगमपूरच्या पुलावर एसटी थांबून राहिली, पुढे गुरं होती. नदीला पाणी थोडं होतं. काय बोलायचं ते मी ठरवून पाहिलं आणि सोडून दिलं. निर्णयाबद्दल मला काही म्हणायचं नव्हतं. तो आजही मी तोच घेईन.

अक्का अंगणात ज्वारी वाळत घालत होती. "आलीस?" म्हणाली आणि पाय धुवायला पाणी दिलं. जेवायला वाढलं. मुलांची, पिकाची चौकशी झाली, मीच केली. ती विचारलेल्याचं उत्तर देत होती, जास्तीचं एक वाक्य नाही. तिच्या तोंडून इतकं कमी कधी ऐकलं नव्हतं. माझ्यासारखीच बोलत होती.

दुपारी शेजारच्या दोघी चाळण परत द्यायला आल्या आणि मला बघून बसल्या.

"हीच व्हय तुमची सोलापूरची भन?" एक म्हणाली. "पिच्चरवाली?"

"हीच," अक्का म्हणाली.

"लागला का ओ तुमचा पिच्चर?"

"लागला," मी म्हटलं. "झाला दाखवून."

"मग अक्काचा आवाज आला का त्येच्यात? आमाला तर सारखं सांगत्यात."

अक्का त्याच चाळणीत ज्वारी घेऊन खडे बघत होती. वर बघितलं नाही. "आला की," ती म्हणाली. "लई चांगला आला. ही बसली हुती की बघाय. इचारा तिला."

दोघींनी माझ्याकडे पाहिलं. अक्काने अजूनही वर पाहिलं नव्हतं, पण तिचा हात चाळणीत थांबला होता.

"आला," मी म्हटलं. "शेवटी आला. लोक हसले."

"काय म्हनलासा ओ अक्का पिच्चरमदी?"

"काय म्हननार," अक्का म्हणाली, "मीठ बेतानं टाक म्हनलं." दोघी पदर तोंडाला लावून हसल्या. मग अक्काने त्यांना पहिल्यापासून सांगितलं. पहाटेची एसटी, उभ्या गाद्या, कानाला यंत्र लावलेला माणूस. तिचा आवाज हळूहळू चढत गेला. मी भिंतीला टेकून ऐकत होते. तिने दोन-तीन ठिकाणी वाढवलं. मी खूण केली नाही.

संध्याकाळी ती स्टँडवर सोडायला आली. माझ्या हातात ज्वारीची पिशवी होती, नको म्हटलं तरी दिलेली. गाडी लागायची होती.

"खोटं बोललीस," ती म्हणाली.

"हो."

"जमत न्हाय तुला. कानाच्या पाळ्या लाल हुत्यात तुझ्या."

गाडी आली. खिडकीची जागा मिळाली. ती खाली उभी होती, पण गाडीचा आवाज मोठा होता आणि काच खाली येत नव्हती. ती काहीतरी बोलत होती, बरंच. मी मान हलवत राहिले.